डाव्या कानातला रातकिडा

रविवार, ४ जानेवारी

तर नाही, काल लिहिलेलं मी मागे घेत नाहीये. जगात या कामाइतकं भारी काम नाही. आई म्हणते, फार्मसी शिकून शेवटी हॉस्पिटलात टायपिंगच करतेस ना? टायपिंग! माणूस शिडीवरून पडला, तर कुठली शिडी, घसरला की कुणी ढकललं, पहिल्यांदाच आलाय की वर्षांपूर्वीचं दुखणं घेऊन आलाय, हे सगळं एका इवल्याशा कोडमध्ये बसवायचं असतं. अख्खी गोष्ट सात अक्षरांत. जमवून दाखवा.

आज सित्त हियामनी मला औषधांच्या विषबाधेचा विभाग दिला. सित्त म्हणजे बाई; या आमच्या खोलीच्या बॉस. चष्मा नाकाच्या टोकावर आणि तोंडात कायम भोपळ्याच्या बिया. यात शेवटून दुसऱ्या जागी एक आकडा येतो. एक म्हणजे अपघात. दोन, स्वतःहून घेतलं. तीन, दुसऱ्याने मुद्दाम दिलं. चार, कळायला मार्गच नाही. आणि अगदी शेवटी एस आलं की समजायचं, विष केव्हाच उतरलं पण जाताना मागे काहीतरी ठेवून गेलं.

मी विचारलं, "तीन आणि एस एकत्र कधी लावलंत का तुम्ही?"

"आपल्या सल्त गावात?" त्यांनी टरफल थुंकलं. "इथे लोक एकमेकांना जेवायला घालून मारतात गं, औषध घालून नाही."

मला लावायचंय. एकदा तरी.

घरी तेताचा, म्हणजे माझ्या आजीचा, माफीनामा चालू आहे. एक फेब्रुवारीच्या बसने ती उमराला निघणार. त्याआधी ज्याचं ज्याचं मन दुखावलं असेल त्याची माफी मागून मोकळं व्हायचं, नाहीतर मक्केला जाऊन उपयोग काय? सकाळपासून फोन सुरू. आज बेकरीवाल्याची माफी मागितली, त्याच्या पावाला एकदा वीट म्हणाली होती म्हणून.

"संपले का सगळे?" मी विचारलं.

"एक राहिलाय. पण त्याला ऐकू कमी येतं म्हणे."

"मग मोठ्याने बोल."

तेता म्हणाली, मोठ्याने बोलण्यासारखं नाहीये ते.

मंगळवार, ६ जानेवारी

आली! केस आली! कानाच्या डॉक्टर अयहमनी लिहिलंय: पेशंट सत्तरीचा, डाव्या कानात सतत आवाज, तरुणपणी कॉफीतून मलेरियाच्या गोळ्या पोटात गेल्या तेव्हापासून. बास. कशा गेल्या, कुणामुळे गेल्या, काही नाही.

नियम असा की आपण अंदाज करायचा नाही, डॉक्टरलाच विचारायचं. तेही असं की आपल्याला काय उत्तर हवंय ते दिसता कामा नये. 'कुणी घातल्या का?' असं विचारलं की संपलं. म्हणून मी फार विचार करून लिहिलं, "सदर औषध पेशंटच्या पोटात कसं गेलं?"

डॉक्टरांचं उत्तर आलं, "तोंडाने."

बुधवार, ७ जानेवारी

डॉक्टरांनी कंटाळून पेशंटलाच आमच्या खिडकीवर पाठवलं. "त्या पोरीला स्वतःच सांगा," म्हणे. पेशंटशी बोलायचं नसतं आम्ही. पण सित्त हियाम नमाजाला गेल्या होत्या.

अबू सुहैल त्यांचं नाव. डोक्यावर लाल रुमाल, म्हणजे कुफिया, इस्त्रीचा कोट, दाढी घोटून केलेली. इतका नटून कानाच्या डॉक्टरकडे कोण येतं? खिडकीतून माझ्या गळ्यातलं कार्ड वाचलं आणि विचारलं, "तू कुणाची गं?"

"खलफची पुतणी. जुमाना."

"म्हणजे नौफाची नात." मग कुफिया नीट करून म्हणाले, "कान वाजतोय माझा."

"किती वर्षं?"

"सल्तमध्ये गुडघाभर बर्फ पडला होता ना, तेव्हापासून. रातकिडा बसलाय आत. झोपतो तेव्हा पण गातो."

मग त्यांनी सगळं सांगितलं. त्यांच्या चुलतभावासाठी मुलगी मागायला जाहा गेली होती, घराण्यातले सगळे पुरुष. बोलणी करायला काका पुढे बसले, हे मागच्या रांगेत. काकांसमोर कॉफीचा कप ठेवला.

"आणि मागणी मान्य होईपर्यंत कपाला हात लावायचा नाही," ते म्हणाले. "यजमान म्हणाला 'प्या कॉफी', की मुलगी दिली. हे तरी माहितीय ना तुम्हा इंग्लिश शाळेवाल्यांना?"

"माहितीय! आणि आधीच प्यायली तर?"

"तर घराण्याचा अपमान. उठायचं आणि चालू पडायचं. मुलीचा बाप 'प्या' म्हणणार, तोंड उघडलंच होतं त्याने. तेवढ्यात मी मागून उठलो, काकांचा कप उचलला आणि प्यायलो."

"का?"

"तहान लागली होती."

"पण बर्फ पडत होता म्हणालात."

"बर्फात नाही का लागत तहान?"

मी लिहून घेतलं. अति तहानेला वेगळा कोड आहे. यांची साखर तपासायला हवी, कुणाच्या लक्षातच आलेलं दिसत नाही.

"कडू नाही लागली?"

"लागली ना. चिखल होता नुसता."

"मग थुंकायची!"

"थुंकलो असतो तर सगळ्यांना कळलं नसतं, कपात काहीतरी आहे म्हणून?" असं म्हणून ते माझ्याकडे असे बघत राहिले जणू मी पाढे चुकतेय. चव जाण्याचाही कोड आहे, पण यांना चव तर आली होती.

तेव्हापासून सगळं गाव त्यांना 'तहानलेला' म्हणतं. काकांनी वर्षभर तोंड बघितलं नाही, कुवेतला पाठवून दिलं. परत आले तोवर त्या मुलीचं लग्न झालं होतं. "दुसऱ्याच कुणाशी," ते म्हणाले. "भला माणूस होता. अल्ला त्याला जागा देवो."

"कप भरला कुणी होता?"

"दाराआडून एकाच हाताने भरला होता."

"नाव?"

"तुझ्या कोडमध्ये नावाला जागा असते?"

"नाही."

"मग राहू दे की." आणि निघता निघता म्हणाले, "तुझ्या तेताचे गुडघे कसे आहेत?"

किती माणुसकी असते जुन्या लोकांत.

संध्याकाळी तेता द्राक्षाच्या पानांत भात गुंडाळत बसली होती. मी तिला केस सांगितली. नाव सांगितलं नाही, नियम म्हणजे नियम.

"डावा कान ना?" ती म्हणाली.

"तुला कसं कळलं?"

"अर्धं गाव डाव्या कानाने बहिरं आहे. पुढे सांग. तहान लागली म्हणाला?"

"हो. मग विषबाधा झाली."

"विष म्हणाला तो?"

"ते नाही म्हणाले, कोडमध्ये तसं म्हणतात."

तेताने पान इतकं आवळलं की फाटून भात बाहेर आला.

सोमवार, १२ जानेवारी

डॉक्टर अयहमनी शेवटी नीट लिहिलं: "कुणीतरी कपात गोळ्या मुद्दाम घातल्या." मुद्दाम! कुणीतरी! मी आधी कानातल्या आवाजाचा कोड टाकला, मग गोळ्यांचा, शेवटून दुसरा तीन, मागे एस. आणि बटण दाबलं.

सित्त हियामनी बी फोडली. "शाब्बास. आता एक सांग. तीन लागला की एक प्रत कुठे जाते?"

"विमा कंपनीला."

"आणि?"

आणि खालच्या मजल्यावरच्या पोलीस चौकीला. हे मी वाचलं होतं. परीक्षेत बरोबर लिहिलं पण होतं.

तासाभरात अबू सुहैल खिडकीवर. "पोरी, मी कान दाखवायला आलो होतो, कोर्ट दाखवायला नाही! पोलीस विचारतोय, कुणी घातल्या गोळ्या."

"मग सांगा ना."

"आठवत नाही म्हणालो."

घरी आले, तेताला म्हटलं, माझा पहिला तीन! पण त्या माणसाला त्या बाईचं नावच आठवत नाहीये, आता पोलीस काय करणार?

तेताने हातातली पळी खाली ठेवली. "नाव आठवत नाही? असं म्हणाला तो?"

"हो."

"बर्फ आठवतो, काका आठवतात, नाव आठवत नाही!"

एवढं चिडलेलं मी तिला त्या विटेच्या वेळीही पाहिलं नव्हतं. परक्या बाईसाठी केवढा जीव तुटतो हिचा.

मंगळवार, १३ जानेवारी



दुपारी चौकीतून फोन आला, तुझी आजी आलीय, खाली ये. तेता खुर्चीत बसलेली, लग्नाला घालते तो भरतकामाचा काळा झगा घालून. समोर एक पिकल्या मिशांचा हवालदार. बाजूला अबू सुहैल, त्यांना पण बोलावलेलं, नजर बुटांवर.

"नाव नौफा," तेता सांगत होती. "नीट लिही बाबा, लोकांना आठवत नाही. गोळ्या मी घातल्या. पण विष नव्हतं ते."

माझी तेता. माझा तीन.

तिचे वडील खाली घोरच्या खोऱ्यात बागेची राखण करायचे तेव्हाच्या मलेरियाच्या गोळ्या घरात पडून होत्या. जाहा आली ती तिच्यासाठी. मुलगा तिला नको होता, "उंटासारखा चघळत बोलायचा." वडील हो म्हणणार हे दिसत होतं. म्हणून तिने गोळ्या कुटल्या आणि बोलणी करणाऱ्या काकांच्या कपात घातल्या.

"मारायला?" हवालदाराने विचारलं.

"थुंकायला! वडील 'प्या' म्हणणार, काका घोट घेणार आणि भर बैठकीत थुंकणार. यजमानाच्या सतरंजीवर त्याचीच कॉफी थुंकल्यावर कोण मुलगी देतो? एवढाच बेत होता. आणि हा," तिने बघायचं टाळत हात केला, "मागे बसलेला मुका, दाराच्या फटीतून मला दिसत होता, हा उठला आणि गटागटा..."

"त्यांना तहान लागली होती," मी म्हटलं. म्हटलं, माहिती पूर्ण असलेली बरी.

तेता, हवालदार आणि अबू सुहैल, तिघांनी माझ्याकडे पाहिलं.

हवालदार म्हणाला, खटला नाही होणार, मुदत केव्हाच गेली. पण दोन घराण्यांत तक्रारीचा कागद झालाय. चार लोकांसमोर माफी झाल्याशिवाय तो बंद होत नाही, आणि तो उघडा असताना देशाची हद्द ओलांडता येत नाही.

"माझी बस एक तारखेची आहे," तेता म्हणाली.

"मग घाई करा, हज्जा."

अबू सुहैलनी तोंड उघडलं. "मी आत्ता..."

"तुम्ही गप्प बसा," तेता म्हणाली. "तुम्हाला नाव आठवत नाही."

बुधवार, १४ जानेवारी

घरात कुणी माझ्याशी बोलत नाहीये. मक्लूबाचं, म्हणजे मटण-भाताचं, पातेलं ताटात पालथं केलं आणि मला तळाचा करपलेला भात वाढला. आईने वाढला. मुद्दाम, म्हणजे तीन.

शनिवार, १७ जानेवारी

अम्मो खलफ, माझे काका, अबू सुहैलकडे जाऊन आले. काय झालं ते मिटवा म्हणाले. त्यावर हे म्हणतात, "मिटवू की. पण रीतीने. जाहा आणा."

"आणतो."

"आणि कप जिने भरला ती पण आली पाहिजे."

अम्मोंचा चेहरा बघायला हवा होता. "जाहाला बायका कधी गेल्यात?"

तेता आतून ओरडली, "झगा धुवायला टाकलाय, शुक्रवारपर्यंत वाळेल म्हणावं!"

मी सित्त हियामना विचारलं, आकडा बदलता येईल का? तीनच्या जागी एक?

"तू सांग. दुसऱ्यासाठी ठेवलेला कप हा उचलून प्यायला. अपघात?"

"पण गोळ्या मुद्दाम घातल्या होत्या."

"मग तीन."

"पण याला नव्हत्या द्यायच्या. आणि ज्याला द्यायच्या त्याने पण प्यायच्या नव्हत्या, थुंकायच्या होत्या."

"मग चार लाव."

"चार तेव्हाच लावायचा जेव्हा डॉक्टर लिहितो की कळू शकत नाही!"

"बघ," सित्त हियाम बिया पुढे करत म्हणाल्या, "आता कुठे तू कामाला लागलीस."

शुक्रवार, २३ जानेवारी

सगळं लिहिते, एकही गोष्ट विसरायच्या आत.

बाहेर गारांचा पाऊस. आम्ही अबू सुहैलच्या घरी. आमच्याकडचे पुरुष ओळीने बसले, तेता मधोमध, मी तिच्या मागे, माझ्यामुळेच झालंय म्हणून मला आणलं होतं. त्यांच्याकडचे पुतणे, भाचे. कॉफी त्यांनी स्वतः ओतली. वेलचीचा वास सुटला होता. अम्मो खलफनी कप घेतला, समोर ठेवला, घसा खाकरला.

"अबू सुहैल, तुम्ही मोठे, तुमचं घर मोठं. आमच्याकडून अजाणतेपणी..."

"अजाणतेपणी नाही," तेता म्हणाली.

"अम्मा, मला बोलू दे. आमच्याकडून झालं ते झालं. तुम्ही माफ केल्याशिवाय ही कॉफी आम्ही पिणार नाही."

सगळे अबू सुहैलकडे बघायला लागले. त्यांना फक्त 'प्या' म्हणायचं होतं. एक शब्द. तो आला की कागद बंद, तेता बसमध्ये.

त्यांनी तो शब्द काही उच्चारला नाही. म्हणाले, "मला आधी काहीतरी ऐकायचंय."

"मला पण," तेता म्हणाली. "त्या दिवशी खरंच तहान लागली होती?"

अबू सुहैलनी हात डाव्या कानामागे नेला. "काय म्हणालीस? या बाजूने ऐकू येत नाही मला."

एक पुतण्या हसला, त्याला कुणीतरी चिमटा काढला. अम्मो खलफना घाम फुटला होता, गारांच्या पावसात. आणि तेवढ्यात तेता उठली. गुडघ्यावर हात ठेवून, सावकाश. अम्मोंच्या समोरचा कप उचलला आणि प्यायली. एका घोटात. कुणी 'प्या' म्हणायच्या आधी.

"अम्मा!" अम्मो किंचाळले. "घात केलास!"

संपलं, मला वाटलं. आता हे लोक उठून जा म्हणणार, बस जाणार, आणि मला जन्मभर करपलेला भात.

तेताने झग्याच्या बाहीने ओठ पुसले. "तहान लागली होती," ती म्हणाली.

अबू सुहैल हसायला लागले. असे की कुफिया घसरून मांडीत पडली आणि डोळ्यांतून पाणी. पुतणे घाबरून त्यांची पाठ थोपटायला लागले.

"कडू आहे," तेता म्हणाली.

"आमच्याकडे कडूच करतात." त्यांनी डोळे पुसले. "प्या रे, सगळ्यांनी प्या कॉफी. खलफ, तू पण घे, तुझी प्यायली गेली. नौफा, माफ केलं. खरं तर माफ करण्यासारखं काही नव्हतंच, पण मग तू आली नसतीस."

"म्हणजे नाव आठवलं," तेता म्हणाली.

तर रीतीने बघायचं तर हे चुकलंच, आधी माफी मग कॉफी हवी. पण हवालदार, तोही आला होता, म्हणाला कागदावर क्रम लिहावा लागत नाही.

निघताना अबू सुहैल दारात आले. "उमराहून येताना मक्केच्या झमझम विहिरीचं पाणी आण. तहान फार लागते मला."

"घरपोच मिळणार नाही," तेता म्हणाली. "आमच्याकडे येऊन प्यावं लागेल."

अम्मो खलफना जोरात ठसका लागला. मी अबू सुहैलना म्हटलं, काका, साखर तपासूनच घ्या एकदा, मला कधीचं वाटतंय.

गाडीत तेता गुणगुणत होती. मध्येच उजव्या कानात बोट घालून म्हणाली, "जुमाना, काहीतरी वाजतंय गं."

"कधीपासून?" मी विचारलं. पेन हातातच होतं.



रविवार, २५ जानेवारी

तेताने सकाळी बॅग भरायला घेतली. झमझमसाठी कॅन एकाच्या जागी दोन ठेवलेत.

डॉक्टर अयहमनी फाईलमध्ये भर घातली, पेशंटने स्वतः जाऊन सांगितलं म्हणे: "कप दुसऱ्यासाठी होता. औषध त्याने थुंकावं म्हणून घातलं होतं. पेशंटने कप स्वतःच्या इच्छेने उचलला, औषध माहीत नव्हतं, चव लागल्यावरही सगळा प्यायला. पुन्हा वेळ आली तर पुन्हा पिईन म्हणतो."

सित्त हियामनी ते वाचलं, चष्मा काढला, परत वाचलं. "आकडा तू लाव. संध्याकाळपर्यंत दे." मग म्हणाल्या, कोड बनवणाऱ्यांनी आणखी एक आकडा ठेवायला हवा होता. कशासाठी, विचारलं, तर बिया खात हसत बसल्या.

एस पक्कं आहे, रातकिडा अजून गातोय. पण त्याच्या आधीची जागा मोकळी आहे आणि चार वाजलेत. एक लावावा तर गोळ्या कुटून घातल्या होत्या. तीन लावावा तर या माणसाला तिने कधी काही केलंच नाही, आणि परत पोलीस. दोन लावावा तर कप त्यांनीच उचलला, पण कपात काय आहे हे कुठे माहीत होतं? आणि चार म्हणजे कळायला मार्ग नाही, पण खोलीतल्या प्रत्येकाला कळलंय असं वाटतंय, माझ्याखेरीज.

आई, तू हे चोरून वाचतेस ते मला माहितीय. किंवा दुसरं जे कुणी वाचत असेल. माझ्या जागी तुम्ही असता तर कुठला आकडा लावला असता?